अकरा जुलैच्या रात्री जायचं का?

नमस्कार श्रोतेहो.

आज मी एका अशा यंत्राबद्दल बोलणार आहे, जे कुठेच नाही. त्यात बसायचं, तारीख सांगायची आणि त्या दिवशी जाऊन उतरायचं. असं यंत्र होऊ शकेल की नाही, हे भौतिकशास्त्राने बघावं. गणितज्ञ कर्ट ग्योडेल यांनी १९४९ साली आइन्स्टाईनच्या समीकरणांमधून मागे वळणारा काळ गणितात तरी दाखवला होता. स्टीफन हॉकिंग यांना मात्र निसर्ग असलं काही घडू देणार नाही, असं वाटायचं. माझा प्रश्न त्याच्या पुढचा आहे. यंत्र दारात उभं आहे, किल्ली हातात आहे. मग जायचं का?

पुण्यातल्या जुन्या माणसांना १२ जुलै १९६१ ही तारीख समजावून सांगावी लागत नाही. आंबी नदीवरचं पानशेतचं मातीचं धरण पुरतं बांधून झालेलं नव्हतं, तरी त्यात पाणी साठलं होतं. पाणी सोडायच्या मोरीला सळ्यांच्या काँक्रीटचा आधार नव्हता. मोरी खचली आणि तिच्यावरचा मातीचा भराव खाली बसू लागला. लष्कराचे जवान पावसात वाळूची पोती रचत राहिले. बुधवारी सकाळी धरण फुटलं, पाठोपाठ खडकवासल्याचं धरण गेलं आणि मुठेचं पाणी नदीकाठच्या पेठांमध्ये शिरलं. जवानांनी पोती रचून धरण तगवलं नसतं, तर हेच पाणी रात्री आलं असतं, गाव झोपेत असताना.

आता माझ्या कल्पनेतल्या पुण्यात चला. तिथे ते यंत्र आहे. नारायण पेठेत लहानपण गेलेल्या एका आजी आहेत. पुरात त्यांचा नऊ वर्षांचा भाऊ गेला. सगळे गच्चीकडे धावले, हा मात्र दप्तर आणायला परत खाली उतरला. आजी तेव्हा सहा वर्षांच्या होत्या. आता सत्तरीच्या आजींनी अर्ज केलाय: मला अकरा जुलैच्या रात्री जाऊ द्या. मला धरण थांबवायचं नाही, सरकारला जाब विचारायचा नाही. फक्त ते दप्तर खुंटीवरून काढून गच्चीवर नेऊन ठेवायचं आहे.

एवढंच. एका दप्तराची जागा बदलायची. याला नाही म्हणायला कोणाची जीभ रेटेल?

पण त्या जगात एक नियम आहे. आपल्या बदलाने ज्यांच्या आयुष्याला धक्का लागेल, त्यांची सही आणायची, निदान शेजारपाजारच्यांची तरी. आजींच्या शेजारी एक बाई राहतात, साठीच्या. त्यांचा जन्म गोखलेनगरच्या पूरग्रस्त वसाहतीतला. वडील नारायण पेठेतले, आजींच्याच वाड्यातले, आणि आई कसब्यातली. पूर आला नसता तर ही दोन घरं एकमेकांना ओळखतही नसती. आजी पूर थांबवणार नाहीत, हे खरं. पण तो मुलगा जगला, की वाड्यातलं सगळंच थोडं थोडं सरकणार. कोण कोणाच्या घरी आसऱ्याला गेलं, कोणी कोणाला कधी पाहिलं, लग्न कधी ठरलं. चार दिवस इकडेतिकडे झाले, तरी पोटी येणारं मूल वेगळं.

डेरेक पार्फिट या तत्त्वज्ञाने १९८४ साली असाच पेच मांडला होता, पुढच्या पिढ्यांबद्दल. आपल्या निर्णयांनी त्यांचं जगणं तर बदलतंच, पण मुळात कोण जन्माला येणार हेसुद्धा बदलतं. मग जो जन्मलाच नाही, त्याच्यावर अन्याय झाला असं म्हणायचं कसं? पुढच्या काळाबद्दल बोलताना हा युक्तिवाद मला पटतो. मागच्या काळाबद्दल बोलताना पटत नाही, कारण ती बाई समोर बसली आहे. तिने साठ वर्षं पावसाळे पाहिलेत, दोन मुलं वाढवलीत, सकाळी गॅलरीतल्या कुंड्यांना पाणी घातलंय. ती मरणार नाही. मेली असती तर कोणीतरी रडलं असतं, तेरावं झालं असतं, भिंतीवर फोटो लागला असता. तिच्यासाठी रडायलाही कोणी उरणार नाही.

मग त्या रात्री पोती रचणाऱ्या जवानांचं काय? त्यांनीही माणसं वाचवली, कोण जन्मणार हे त्यांनीही बदललं. मी यावर खूप विचार केलाय. जवानाने ठेवलेलं पोतं आणि साठ-पासष्ट वर्षांनी मागे जाऊन कोणी ठेवलेलं पोतं दिसायला सारखंच असेल. पण जवानाच्या पोत्याखाली कोणाचंही जगून झालेलं आयुष्य दबत नव्हतं. त्याच्यापुढे काळ मोकळा होता. म्हणून तो अधिकार त्याचा होता, त्या रात्री जागणाऱ्या प्रत्येकाचा होता. आपला नाही, असं मला वाटतं, आणि असं म्हणताना मला फार जड जातं.

महाभारतात, आदिपर्वात, रुरूची गोष्ट आहे. लग्नाला थोडेच दिवस उरले असताना त्याच्या प्रमद्वरेला साप चावला. तो रानात जाऊन रडला, तेव्हा देवदूताने सांगितलं, तुझं अर्धं आयुष्य दे, ती उठेल. रुरूने दिलं आणि ती उठली. गेलेलं माणूस परत आणायची किंमत त्याने स्वतःच्या पदरातून मोजली. यंत्रात बसणाऱ्याला हे करता येत नाही. तो कितीही प्रेमाने गेला, तरी मोजतो ती दुसऱ्यांची वर्षं.

तर आजी अर्ज घेऊन शेजारी गेल्या. बाईंनी चष्मा लावून तो सावकाश वाचला. आपली सही कशाला हवी, हे त्यांना कळलं. त्या आत गेल्या आणि पेन घेऊन आल्या.

"द्या, करते सही," त्या म्हणाल्या. "माझं बरंचसं जगून झालंय. त्याचं राहिलंय."

आजींनी कागद हातातून काढून घेतला. बराच वेळ दोघी नुसत्या बसून राहिल्या. मग बाईंनी चहा टाकला आणि स्वयंपाकघरातूनच विचारलं,

"दिसायला कसा होता हो तो?"

आजी सांगू लागल्या. भांग कुठे पाडायचा, दप्तर कोणत्या रंगाचं होतं, पाढे म्हणताना कुठे अडायचा. दिवे लागले तरी त्या सांगतच होत्या.

नमस्कार.