ईसारचिठ्ठी आणि खरेदीखत

नमस्कार, श्रोतेहो. तालुक्याच्या न्यायालयात मी वकील म्हणून जमिनीचे दावे चालवतो; तिथे पक्षकार प्लास्टिकच्या पिशवीतून जो कागद अगदी जपून बाहेर काढतात, तो बहुतेक वेळा ईसारचिठ्ठीचाच, म्हणजे काही रक्कम आगाऊ घेऊन लिहून दिलेल्या विक्रीच्या कराराचा असतो. मागच्या पावसाळ्यात एका कास्तकाराने असाच कागद माझ्यापुढे ठेवला. शंभर रुपयांचा मुद्रांक घड्यांवर विरला होता, आणि खाली दोन साक्षीदारांच्या सह्या व विकणाऱ्याचा निळा अंगठा होता. अडीच एकर वावराचा सौदा, अर्ध्याहून अधिक रक्कम रोख दिलेली, ताबाही दिलेला, आणि शेवटी एक ओळ होती: ‘उरलेली रक्कम कापूस विकल्यावर देऊन खरेदीखत करून घेईन.’ कोणत्या वर्षीचा कापूस, हे मात्र कोणी लिहिले नव्हते. चार हंगाम त्यानेच ते वावर वाहिले, आणि मग एके दिवशी चावडीवर लागलेल्या फेरफाराच्या नोटिशीवरून त्याला कळले, की मूळ मालकाने तेच वावर शेजारच्या गावातील एकाला नोंदणीकृत खरेदीखताने विकून टाकले आहे.

त्याचे म्हणणे साधे होते: सौदा माझा आधीचा आणि ताबाही माझाच, मग वावर माझे का नाही? कायद्याचे उत्तर कठोर आहे. 1882 च्या मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम 54 प्रमाणे शंभर रुपये व त्याहून अधिक किमतीच्या जमिनीची विक्री नोंदणीकृत दस्तानेच होते, आणि विक्रीच्या करारामुळे त्या जमिनीत कोणताही हक्क निर्माण होत नाही. ताब्याचा आधारही आता लंगडा आहे. करारावर ताबा घेतलेल्याला मालकाने हटवू नये, हे कलम 53अ चे संरक्षण हवे असेल, तर 24 सप्टेंबर 2001 पासून तो करारही नोंदवलेला असावा लागतो.

तरीही ती चिठ्ठी म्हणजे रद्दी नव्हे. नोंदणी अधिनियमाच्या कलम 49 मधील परंतुकानुसार, म्हणजे त्यातल्या अपवादानुसार, ‘करार पाळा आणि खरेदीखत करून द्या’ अशा दाव्यात ती पुरावा म्हणून दाखल करता येते. खरा सामना सुरू होतो तो यानंतर. नंतरच्या खरेदीदाराने पूर्ण पैसे मोजले असतील, व्यवहार सद्‌हेतूने केला असेल आणि आधीच्या सौद्याची त्याला माहिती नसेल, तर विशिष्ट साहाय्य अधिनियमाचे कलम 19 त्याला वाचवते. मात्र हे सिद्ध करण्याचा भार त्याच्यावरच असतो, आणि तो वाटतो तितका हलका नाही. सातबाऱ्यावर विकणाऱ्याचेच नाव होते, कसलाही बोजा नव्हता, एवढे सांगून भागत नाही. कारण प्रत्यक्ष ताबा ज्याच्याकडे आहे त्याच्या हक्काची सूचना खरेदीदाराला मिळाली, असेच कायदा धरतो. वावर विकत घेणारा माणूस धुऱ्यावर उभा राहून ‘हा कापूस कोणाचा’ एवढेही विचारत नसेल, तर त्याच्या सद्‌हेतूवर माझा तरी विश्वास बसत नाही. शेजारच्या गावचा माणूस असेल, तर मुळीच नाही.

आपल्या बाजूने मात्र चिठ्ठीवाल्याला उरलेली रक्कम द्यायला आपण सुरुवातीपासून तयार होतो, हे दाखवावे लागते. आणि चार हंगामांत मालकाला एकही लेखी पत्र गेलेले नसेल, तर ते जड जाते. मुदत तीन वर्षांची असते. करारात तारीख ठरलेली असेल तर त्या तारखेपासून, आणि नसेल तर नकार कळल्या दिवसापासून ती मोजली जाते. त्या अर्धवट ओळीने आमच्या कास्तकाराला इथे नकळत हात दिला: तारीखच नसल्यामुळे त्याची मुदत चावडीवरच्या त्या नोटिशीपासून मोजता आली.

दाव्यात मूळ मालक आणि नवा खरेदीदार अशा दोघांनाही प्रतिवादी केले आहे. अडचण आता वेगळीच आहे. ताबा दिलेला असल्यामुळे त्या शंभर रुपयांच्या कागदाला महाराष्ट्रात खरेदीखताइतकेच मुद्रांक शुल्क लागते, आणि ती तूट व दंड भरल्याशिवाय न्यायालय तो पुराव्यात वाचणार नाही. पैशांची जुळवाजुळव चालू आहे. कधी भराल, असे मी विचारले, तेव्हा तो म्हणाला, ‘कापूस विकल्यावर, वकीलसाहेब.’