प्रतिहाररक्षी लोटा

श्रोतेहो, नमस्कार.

नाशिकची पांडवलेणी तुमच्यापैकी कितीतरी जणांनी पाहिली असतील. पायऱ्या चढून वर गेलं की तिसऱ्या क्रमांकाचं मोठं लेणं लागतं. साऱ्या लेण्याचा भार खांद्यावर पेलणारे यक्ष तिथे खाली कोरलेले आहेत, आणि येणारा प्रत्येक जण त्यांच्याकडेच बघत राहतो. मीही पहिल्यांदा गेले तेव्हा तेवढंच बघून परतले होते. व्हरांड्याच्या भिंतीवर, छताच्या जरा खाली, ब्राह्मी अक्षरांच्या ओळी आहेत. त्या वाचायला शिकले ती बऱ्याच वर्षांनी. आज तुमच्याशी बोलायचं आहे ते त्या ओळींमध्ये भेटलेल्या बायकांविषयी.

त्यातला एक लेख म्हणजे चक्क एक सरकारी हुकूम आहे. राजा गौतमीपुत्र सातकर्णी, राज्यवर्ष 24. म्हणजे साधारण इसवी सनाच्या पहिल्या-दुसऱ्या शतकातली गोष्ट. हुकूम गोवर्धन इथल्या सामक नावाच्या अमात्याला पाठवला आहे. हे गोवर्धन नाशिकजवळच, गोदेच्या काठी आजही आहे. हुकमाच्या सुरुवातीला सामकाचं आरोग्य विचारलं आहे. आपण पत्रात ‘प्रकृती कशी आहे’ लिहितो, तसंच. मग मुद्दा येतो. डोंगरावरच्या भिक्षूंना आम्ही कखडी गावात शेत दिलं होतं, पण ‘तं च खेतं न कसते, सो च गामो न वसति’. ते शेत कसलं जात नाही आणि ते गाव वसलेलं नाही. ऐकलंत ना? कसणं आणि वसणं! जवळजवळ दोन हजार वर्षांपूर्वीची प्राकृत आहे, पण शब्द आपल्या शिवारातले. तेव्हा त्या शेताऐवजी नगराच्या सीमेवरची राजाच्या मालकीची शंभर निवर्तनं (निवर्तन हे जमीन मोजायचं तेव्हाचं माप) जमीन भिक्षूंना द्यावी, असा तो हुकूम.

हा हुकूम एकट्या राजाच्या नावानं निघालेला नाही. राजाच्या आणि ‘महादेवी जीवसुता राजमाता’ हिच्या वचनानं तो निघाला आहे. जीवसुता म्हणजे जिचा पुत्र हयात आहे अशी. राजा गादीवर आहे, कर्तासवरता आहे, त्याच्या राज्याचं चोविसावं वर्ष चालू आहे, आणि तरीही जमिनीच्या आदेशावर आईचं नाव आहे. अमात्यानं दोघांचा शब्द मानायचा आहे.

आणि शेवटच्या ओळींत ती येते, जिच्यासाठी मी हा लेख पुन्हा पुन्हा वाचते. आज्ञा तोंडी झाली, आणि लेख कुणी केला? ‘पटिहाररखिय लोटाय’. लोटा नावाच्या प्रतिहाररक्षीनं. राजाच्या दाराची राखण करणारी ती अधिकारी स्त्री. शब्दाच्या शेवटचा तो ‘य’ हा प्राकृतातल्या स्त्रीलिंगाचा प्रत्यय. कुणाची मुलगी, कुणाची बायको, कुणाची आई, यातलं काहीही तिच्याविषयी सांगितलेलं नाही. नाव आणि हुद्दा, बस. हुकूम तिच्या हातून गेला म्हणून तिचं नाव दगडावर आलं. आपण राण्यांची नावं पाठ करतो आणि या लोटेला ओळखत नाही, याची मला मनापासून खंत वाटते.

याच लेण्यात गौतमी बलश्रीचा मोठा लेख आहे. तिचा नातू वासिष्ठीपुत्र पुळुमावी याच्या राज्यवर्ष 19 मधला. मुलगा गौतमीपुत्र तेव्हा हयात नाही. बलश्री स्वतःला ‘महाराजमाता’ आणि ‘महाराजपितामही’ म्हणवते, आणि मुलाच्या पराक्रमाची जी वाक्यं ती लिहवून घेते, त्यांतलंच एक आज शाळेतल्या मुलांना ठाऊक असतं : ज्याच्या घोड्यांनी तीन समुद्रांचं पाणी प्यायलं तो. क्षहरात या शक राजघराण्याचा निःपात केल्याची गोष्टही तिथेच आहे. गौतमीपुत्राविषयी आपल्याला जे कळतं त्यातलं बरंचसं एका म्हाताऱ्या आईनं सांगितलेलं आहे, आणि सांगताना तिनं स्वतःची बाजूही मांडली आहे : सत्यवचन, दान, क्षमा आणि अहिंसा यांत रमलेली, राजर्षिवधू या शब्दाला शोभेल असं वागणारी.

मात्र एक सांभाळून बोलायला हवं. गौतमीपुत्र, वासिष्ठीपुत्र ही नावं ऐकून काही जण सातवाहन काळात बायकांचं राज्य होतं असं म्हणतात. तसं नाही. गादी पुरुषांकडेच जात होती. आईच्या गोत्रावरून मुलाला ओळखत, एवढंच त्या नावांतून सिद्ध होतं. पण एवढंही थोडं नाही.

आता नाशिकहून जुन्नरकडे चला. नाणेघाट. कोकणातून, कल्याण-सोपाऱ्याकडून माल घेऊन बैल वर चढायचे आणि जुन्नरमार्गे पैठणला जायचे. घाटाच्या माथ्याशी एक लेणं आहे, आणि त्याच्या दोन्ही बाजूंच्या भिंती एका राणीच्या लेखानं भरलेल्या आहेत. ती नागनिका, लेखात नायनिका, राजा सिरी सातकणीची राणी. अश्वमेध आणि राजसूय धरून कितीतरी यज्ञांची यादी तिथे आहे, आणि दक्षिणेचे आकडे तर बघत राहावेत असे : एका यज्ञाला 11,000 गाई आणि 1,000 घोडे! अंक कसे लिहीत याचा भारतातला फार जुना पुरावा म्हणूनही हा लेख अभ्यासतात. मागच्या भिंतीवर राजघराण्यातल्या माणसांच्या मूर्ती होत्या. मूर्ती गेल्या, वरची नावं राहिली. त्यांत ‘देवी नायनिका’ हे नाव राजाच्या नावाला लागूनच आहे.

जागाही पाहा कुठली निवडली! अंतःपुरात नाही, राजवाड्यात नाही, तर येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येक व्यापाऱ्याच्या वाटेवर. आणि त्याच लेखात ती स्वतःला महिना-महिना उपास करणारी, घरात राहूनही तापसीसारखी जगणारी म्हणवते. व्रतस्थ विधवेचं जिणं आणि राज्याचा जाहीरनामा, दोन्ही एकाच भिंतीवर.

चार-पाच शतकं पुढे विदर्भात आलं की वाकाटकांची प्रभावतीगुप्ता भेटते. दुसऱ्या चंद्रगुप्ताची मुलगी. नवरा दुसरा रुद्रसेन गेला, मुलगा दिवाकरसेन लहान, आणि तिनं नंदिवर्धनातून कारभार पाहिला. नंदिवर्धन म्हणजे रामटेकजवळचं नगरधन. तिचा राज्यवर्ष 13 चा ताम्रपट पुण्यात सापडला, म्हणून त्याला पुणे ताम्रपट म्हणतात. त्यात वंशावळ दिली आहे ती माहेरची, गुप्तांची, आणि गोत्रही माहेरचं, धारण. मुद्रेवर मात्र ‘जनन्या युवराजस्य शासनम्’ असे शब्द आहेत. युवराजाच्या आईचं शासन. अधिकार मुलाच्या नावानं, आज्ञा तिची.

पण श्रोतेहो, राण्यांपाशीच थांबलं तर निम्मं चित्र राहून जाईल. कार्ल्याच्या चैत्यावर महादेवणकाच्या आईचं, भायिलेचं नाव आहे. बेडशाला पाण्याच्या टाक्याचं दान सामडिनिका नावाच्या महारठिनीनं, म्हणजे महारठी सरदाराच्या घरातल्या बाईनं, केलं आहे. नाशिकच्याच दहाव्या लेण्यात क्षहरात राजा नहपान याची मुलगी दक्षमित्रा हिनं भिक्षूंना राहायला एक ‘ओवरक’, म्हणजे खोली, दिला. देवळाच्या आवारातली आपली ओवरी याच शब्दाच्या घरातली.

त्याच दहाव्या लेण्याच्या अंगणात आभीर राजा ईश्वरसेनाच्या नवव्या वर्षाचा एक लेख आहे. विष्णुदत्ता नावाची उपासिका, जातीनं शक, गणपक हा हुद्दा असलेल्या रेभिलाची बायको आणि विश्ववर्म्याची आई. हिनं गोवर्धनातल्या कारागिरांच्या श्रेणींकडे, म्हणजे त्यांच्या धंद्यांच्या संघांकडे, पैसे ठेवले. कुंभारांच्या श्रेणीकडे 1,000 कार्षापण (ही तेव्हाची नाणी), पाण्याची यंत्रं करणाऱ्यांकडे 2,000. तेल गाळणाऱ्यांच्या श्रेणीचंही नाव त्यात आहे. ही ‘अक्षयनीवी’, म्हणजे मुदलाला हात न लावता त्याच्या व्याजावर काम चालवायचं. काम कोणतं, तर त्रिरश्मी, म्हणजे पांडवलेण्यांच्याच, डोंगरावरच्या विहारात चारी दिशांकडून येणारे जे भिक्षू आजारी पडतील, त्यांचं औषधपाणी.

पावसाळ्यात कुठून तरी दूरवरून चालत आलेला एखादा भिक्षू तापानं फणफणत त्या ओवरीत पडला असेल, आणि खाली गोवर्धनात कुंभारांची चाकं फिरत असतील. त्या चाकांवरच्या कमाईतून आलेलं व्याज औषध होऊन डोंगर चढत होतं. कारण विष्णुदत्तेनं तसं ठरवून, लिहून ठेवलं होतं.

नमस्कार.