तेरा दिवसांचा फरक: रशियाच्या सुट्ट्यांची गोष्ट

(दृश्य: मॉस्को, ३१ डिसेंबरची रात्र. एका घरातलं जेवणाचं टेबल.)

टीव्हीवर राष्ट्राध्यक्षांचं भाषण संपत आलंय. टेबलावर ऑलिव्हिए सॅलड आहे. उकडलेला बटाटा, गाजर, अंडी, मटार, खारवलेली काकडी, सॉसेज, सगळं बारीक चिरून मेयोनीजमध्ये कालवलेलं. शेजारी संत्र्यांचा ढीग. क्रेमलिनच्या घड्याळाचे टोले सुरू झाले की कुणीतरी चिठोऱ्यावर मनातली इच्छा लिहितं, चिठोरं जाळून राख शॅम्पेनमध्ये टाकतं आणि बारावा टोला पडायच्या आत पेला रिकामा करतं.

कोपऱ्यात सजवलेलं झाड पाहून आपल्याला वाटेल, नाताळ असणार. पण रशियातला नाताळ ७ जानेवारीला.

(दृश्य: चर्चचे सोनेरी घुमट, बर्फ.)

रशियन ऑर्थोडॉक्स चर्च आजही जुन्या ज्युलियन कालगणनेने चालतं, आणि ती सध्याच्या कॅलेंडरच्या तेरा दिवस मागे आहे. देशाचं कॅलेंडर बोल्शेविकांनी, म्हणजे १९१७ च्या क्रांतीने सत्तेवर आलेल्या लेनिनच्या कम्युनिस्टांनी बदललं. १९१८ साली ३१ जानेवारीच्या रात्री झोपलेला माणूस सकाळी उठला तो थेट १४ फेब्रुवारीला. चर्चने मात्र हे मानलं नाही. तारखेने की तिथीने, हा वाद शिवजयंतीमुळे आपल्याला पाठ आहे. रशियात तो अख्ख्या वर्षाला लागला. लोकांनी त्यातूनही वाट काढली. १३ जानेवारीच्या रात्री ते ‘जुनं नवीन वर्ष’ साजरं करतात. पुन्हा टेबल, पुन्हा सॅलड.

१ जानेवारीला वर्ष सुरू करण्याचा हुकूम झार पहिल्या पीटरचा, १६९९ सालचा. त्याआधी रशियाचं वर्ष १ सप्टेंबरला उजाडायचं. घरांच्या दारांना सूचिपर्णी झाडांच्या फांद्या लावा, हेही त्या हुकुमातच होतं. क्रांतीनंतर हे झाड धार्मिक ठरलं आणि १९२०च्या दशकाच्या अखेरीला हद्दपार झालं. मग २८ डिसेंबर १९३५ च्या ‘प्रावदा’त, म्हणजे कम्युनिस्ट पक्षाच्या वर्तमानपत्रात, पावेल पोस्तिशेव या बड्या नेत्याचं पत्र छापून आलं: कामगारांच्या मुलांना या आनंदापासून का तोडायचं? चार दिवसांत देशभर झाडं उभी राहिली. नाव बदललं, आता ते नाताळचं नाही, नव्या वर्षाचं झाड. टोकावर बेथलेहेमच्या ताऱ्याऐवजी लाल पंचकोनी तारा. पोस्तिशेवला पुढे स्टालिनच्याच राजवटीत अटक झाली आणि १९३९ साली गोळ्या घालण्यात आल्या. झाड मात्र राहिलं.

(दृश्य: जुनं चित्रण. २४ जून १९४५, पाऊस, लाल चौक.)

दुसऱ्या महायुद्धातल्या विजयाचं संचलन. पांढऱ्या घोड्यावर सोव्हिएत सेनापती मार्शल झुकोव. लेनिनच्या समाधीच्या पायथ्याशी सैनिक जर्मन ध्वज फेकत आहेत. या युद्धात सोव्हिएत संघाची सुमारे २ कोटी ७० लाख माणसं गेली. आई, काका, धाकटा भाऊ, कुणी ना कुणी प्रत्येक घरातून गेलं.

बर्लिनमधल्या कार्ल्सहोर्स्टमध्ये जर्मनीच्या शरणागतीवर सह्या झाल्या तेव्हा तिथे ८ मेची रात्र होती. मॉस्कोच्या घड्याळात ९ तारीख लागून गेली होती. म्हणून पश्चिम युरोपचा विजयदिन ८ मेला आणि रशियाचा ९ मेला.

आता गंमत म्हणा किंवा क्रूरपणा म्हणा. डिसेंबर १९४७ मध्ये एक हुकूम निघाला: ९ मे यापुढे कामाचा दिवस, त्याऐवजी १ जानेवारीला सुट्टी. विजयाला अडीच वर्षंही झाली नव्हती. देश ढिगाऱ्यात होता, कामाला हात हवे होते. आणि विजयाचा चेहरा बनलेल्या झुकोवला स्टालिनने १९४६ मध्येच दूर ओडेसाला धाडून दिलं होतं. ९ मेची सुट्टी परत मिळाली ती थेट १९६५ साली, सोव्हिएत नेते ब्रेझनेव यांच्या काळात. आज जी परंपरा अनादी वाटते, ती अशी सतरा वर्षं बंद होती.

२०१२ साली तोम्स्क शहरात काही पत्रकारांनी एक साधी कल्पना काढली. युद्धात लढलेल्या आपल्या आजोबा-पणजोबांचा फोटो हातात घेऊन चालायचं, बस्स. ना पक्ष, ना झेंडा. ‘अमर रेजिमेंट’ नावाने ही मिरवणूक देशभर पसरली, मग सरकारने ती आपलीशी केली. २०१५ साली पुतिनही वडिलांचा फोटो घेऊन चालले. २०२३ मध्ये सुरक्षेचं कारण देऊन ती रस्त्यावर निघूच दिली नाही. त्याच ९ मेच्या भाषणातून आता युक्रेनवरच्या युद्धाचं समर्थन होतं. मरून गेलेल्यांना कुणी विचारत नाही.

(दृश्य: मार्च. फुलांची दुकानं, पिवळा मिमोसा.)

८ मार्च. पुरुषांची फुलांसाठी धावपळ. १९१७ साली याच दिवशी पेट्रोग्राडच्या (आजच्या सेंट पीटर्सबर्गच्या) कापड गिरण्यांतल्या बायका ‘भाकरी द्या’ म्हणत रस्त्यावर उतरल्या आणि आठवडाभरात झारला पायउतार व्हावं लागलं. जुन्या कॅलेंडरात ती तारीख होती २३ फेब्रुवारी. आणि नव्या कॅलेंडरातला २३ फेब्रुवारी आज रशियात सैनिकांचा, पर्यायाने सगळ्याच पुरुषांचा दिवस आहे. दोन वेगळ्या सुट्ट्या, आकडा एकच. बायकांनी क्रांती पेटवली, हे मात्र शुभेच्छापत्रांवर सहसा दिसत नाही.

१ मे लाल झेंड्यांचा होता, आता ‘वसंत आणि श्रम’ दिन आहे. बरेचजण गावाकडच्या घरी, म्हणजे दाचावर, बटाटे लावायला जातात. १२ जून १९९० रोजी रशियाने सोव्हिएत संघातच आपलं सार्वभौमत्व जाहीर केलं. लोक या दिवसाला ‘स्वातंत्र्यदिन’ म्हणायचे आणि लगेच विचारायचे, स्वातंत्र्य कुणापासून? २००२ पासून त्याचं नाव ‘रशिया दिन’.

(दृश्य: लाल चौक, मिनिन आणि पोझार्स्की यांचा पुतळा.)

सगळ्यात मोठी अदलाबदल नोव्हेंबरात झाली. ऑक्टोबर क्रांती जुन्या गणनेने २५ ऑक्टोबरची, म्हणून तिचा उत्सव ७ नोव्हेंबरला. १९४१ साली जर्मन फौजा मॉस्कोच्या वेशीजवळ असताना याच दिवशी बर्फात संचलन झालं आणि तिथले सैनिक परस्पर आघाडीवर गेले. राष्ट्राध्यक्ष येल्त्सिनने १९९६ मध्ये त्याला ‘सलोख्याचा दिवस’ केलं. २००५ पासून सुट्टीच गेली आणि तीन दिवस अलीकडे, ४ नोव्हेंबरला ‘राष्ट्रीय एकता दिन’ आला.

निमित्त १६१२ सालचं. निझनी नोव्हगोरोदचा मांस विकणारा व्यापारी कुझ्मा मिनिन आणि सरदार द्मित्री पोझार्स्की यांच्या लोकसेनेने मॉस्कोचा किताय-गोरोद भाग पोलिश सैन्याकडून सोडवला. जुन्या गणनेने तारीख २२ ऑक्टोबर. पण सतराव्या शतकात दोन्ही गणनांतला फरक दहा दिवसांचा होता, त्या हिशेबाने घटना १ नोव्हेंबरची. ४ तारीख येते ती आजचे तेरा दिवस मिळवून, कारण कझानच्या माता मेरीच्या प्रतिमेचा चर्चमधला सण त्या दिवशी पडतो. सरकारने चर्चची तारीख घेतली.

७ नोव्हेंबरला म्हातारे कम्युनिस्ट आजही लेनिनच्या समाधीवर फुलं वाहतात, आणि बाकीचे कामावर जातात. सीमेपलीकडे बेलारूसमध्ये त्या दिवशी अजून सुट्टी असते.