मोर्सच्या शीर्षकसंगीतात दडलेले नाव

नमस्कार. रहस्यमालिकेचे पार्श्वसंगीत म्हटले की खुनाच्या क्षणी वाजणारी, धडकी भरवणारी सुरावट आपल्याला आधी आठवते. बॅरिंग्टन फेलाँग या संगीतकाराने मात्र याच क्षेत्रात तीन दशके काढली ती संयमाच्या बळावर.

फेलाँग यांचा जन्म १९५४ मध्ये ऑस्ट्रेलियातील सिडनी येथे झाला. ब्लूज गिटारपासून सुरुवात करून ते तरुणपणीच लंडनला आले, रॉयल कॉलेज ऑफ म्युझिकमध्ये शिकले आणि १९७९ मध्ये लंडन कंटेम्पररी डान्स थिएटरचे संगीत सल्लागार झाले. नर्तकाच्या हालचालीला जागा सोडून संगीत रचण्याची सवय त्यांना पुढे पडद्यासाठी लिहिताना फार उपयोगी पडली असावी, असे मला वाटते.

१९८७ मध्ये ब्रिटनच्या आयटीव्ही वाहिनीवर ‘इन्स्पेक्टर मोर्स’ सुरू झाली. ऑक्सफर्डमध्ये तपास करणारा, शब्दकोडी सोडवणारा आणि वाग्नर, मोझार्ट यांच्या संगीतात रमणारा हा अधिकारी. फेलाँग यांनी त्याचे नाव तारायंत्राच्या मोर्स लिपीत मांडले आणि तोच ठेका शीर्षकसंगीतात गुंफला. बोटाने टेबलावर वाजवून पाहा: दोन लांब ठोके म्हणजे ‘एम’, तीन लांब म्हणजे ‘ओ’, आखूड-लांब-आखूड म्हणजे ‘आर’, तीन आखूड म्हणजे ‘एस’ आणि शेवटचा एकच आखूड ठोका म्हणजे ‘ई’. लांबकडून आखडत जाणाऱ्या या ठेक्याच्या सोबतीने तंतुवाद्यांची संथ, उदास सुरावट सरकत राहते, त्यामुळे संकेत माहीत नसलेल्या प्रेक्षकालाही काहीतरी उलगडत असल्याची जाणीव होते.

फेलाँग एवढ्यावर थांबले नाहीत. काही भागांच्या पार्श्वसंगीतात त्यांनी खुन्याचे नाव याच लिपीत पेरले, तर काही वेळा मुद्दाम निरपराध पात्राचे नाव घालून जाणकार श्रोत्यांना चकवले. संगीतकाराला लेखकाच्या बरोबरीने रहस्यात सहभागी होता येते, याचे इतके नेमके उदाहरण मला दुसरे ठाऊक नाही.

या कामातील खरी कसोटी मात्र वेगळी होती. मोर्स स्वतः घरी आणि गाडीत ऑपेरा ऐकतो, म्हणजे कथेतच उत्तम संगीत वाजत असते. अशा वेळी पार्श्वसंगीताने कुठे बोलावे आणि कुठे गप्प राहावे, हे दर प्रसंगी ठरवावे लागते. फेलाँग यांनी संवादांना वाव दिला आणि दुःखाच्या जागीही आवाज चढवला नाही.

२००० मध्ये ३३ भागांनंतर ही मालिका संपली. मधल्या काळात ‘हिलरी अँड जॅकी’ या चित्रपटाच्या संगीतासाठी त्यांना बाफ्टा या ब्रिटिश चित्रपट पुरस्काराचे नामांकनही मिळाले होते. पुढे मोर्सच्या सहकाऱ्यावरील ‘लुईस’ आणि तरुण मोर्सवरील ‘एन्डेव्हर’ या मालिकांचे संगीतही त्यांच्याकडेच आले. २०१९ मध्ये त्यांचे निधन झाले आणि ‘एन्डेव्हर’च्या संगीताची धुरा मॅथ्यू स्लेटर यांनी २०२३ मधील अखेरच्या भागापर्यंत सांभाळली.