एसी बंद, मे महिना आणि अमरावती-नागपूर

नमस्कार मंडळी! गेल्या उन्हाळ्यात माझ्या गाडीचा कॉम्प्रेसर बसला. दुरुस्तीचा आकडा ऐकून मीही बसलो. मग अख्खा मे महिना अमरावती-नागपूर, दीडशे किलोमीटर, खिडक्या उघड्या टाकून केलं.

उन्हात उभी केलेली गाडी उघडली की लगेच आत शिरू नका. हे बघा, पलीकडची काच पूर्ण खाली घेतली. आता ड्रायव्हरचं दार पाच-सहा वेळा असं हलवायचं, पंख्यासारखं. आपटायचं नाही! कोंडलेली गरम हवा पलीकडून बाहेर पडते.

आता ब्लोअर. नॉब पूर्ण निळ्याकडे, तरी पायाशी गरम झळ येते? मग हीटरची आतली झडप नीट बंद होत नसेल, मेकॅनिकला दाखवा. माझं तेच झालं होतं. भर मे महिन्यात मी आठवडाभर हीटर लावून फिरत होतो, आणि शिव्या उन्हाला देत होतो.

खरा उपाय हा. साधा सुती दुपट्टा. भिजवायचा, पिळायचा, मान आणि डोकं झाकून गुंडाळायचा, पण डोळ्यांवर यायला नको. आपल्याकडे 43 अंश असताना हवेत दमटपणा 15 टक्के असेल, तर वाऱ्यावरचं ओलं कापड सावलीत 23 अंशांच्या आसपास येतं. थेट वीस अंशांचा फरक! कूलरच तो, फक्त गळ्यात घातलेला. वीस-पंचवीस मिनिटांत वाळतो, म्हणून मी सीटमागे पाण्याचा पाच लिटरचा कॅन ठेवतो.

मुंबई-कोकणवाल्यांनो, तुमच्याकडे ही जादू चालणार नाही. 34 अंश आणि 70 टक्के दमटपणात तेच कापड 29च्या खाली जात नाही. तुम्ही वाऱ्यावरच भिस्त ठेवा.

काळी फिल्म लावू का, असं बरेच जण विचारतात. सुप्रीम कोर्टाने 2012 मध्येच काचांवरच्या काळ्या फिल्मला बंदी घातली. गाडी उभी असताना पुढच्या काचेला आतून चंदेरी पडदा लावा, स्टिअरिंगला निदान हात लावता येतो.

एक गोष्ट मात्र गंमतीची नाही. सोबतचा माणूस असंबद्ध बोलायला लागला, अंग तापलं, तर गाडी सावलीत घ्या, अंगावर पाणी ओता, वारा घाला आणि 108 लावा. आणि लेकराला बंद गाडीत दोन मिनिटंही ठेवू नका.

बाकी, खिशात कांदा ठेवायचा का? आई देते, मी ठेवतो. पण निघतो पहाटे साडेपाचला.