मल्याळम सिनेमा: स्वयंपाकघरापासून शाळेच्या बाकांपर्यंत

नमस्कार श्रोतेहो. मल्याळम सिनेमा वास्तववादी असतो, असं आपण सहज म्हणून जातो. हे वास्तव पडद्यावर येतं कसं, ते पाहायचं तर २०२१चा 'द ग्रेट इंडियन किचन' बघा. दिग्दर्शक जिओ बेबी यांनी त्यात पार्श्वसंगीत जवळजवळ वापरलेलंच नाही. कानावर पडतात सुरीचे, फोडणीचे, भांड्यांचे आवाज. कॅमेरा पुन्हा पुन्हा स्वयंपाकघरात, नव्या सुनेच्या त्याच कामांवर: चिरणं, शिजवणं, वाढणं, उष्टं काढणं, ओटा पुसणं. सासऱ्यांना भात चुलीवरचा हवा, चटणी पाट्यावरची हवा, कपडे हातानं धुतलेले हवेत. आणि हे सगळं ते इतक्या गोड आवाजात मागतात, की नाही म्हणणं आणखीच अवघड. सिंक गळतं, प्लंबरला बोलवायचं नवऱ्याच्या लक्षात राहत नाही. त्या सुनेची भूमिका मुंबईत जन्मलेल्या निमिषा सजयननं केली आहे. घरकामाचा वाटा कुणाचा, हा वाद या सिनेमानं घराघरात नेला.

सिनेमामुळे समाज बदलल्याचं थेट उदाहरण हवं असेल, तर ते शाळेत सापडतं. 'स्थानार्थी श्रीकुट्टन' हा २०२४चा सिनेमा सातवीतल्या मागच्या बाकावरच्या मुलाचा. तो पाहून २०२५मध्ये केरळातल्या काही शाळांनी बाकांच्या रांगाच मोडल्या. भिंतींच्या कडेनं एकेरी बाक, मधली जागा शिक्षकांना, म्हणजे मागचा बाक उरतच नाही. पट मोठा असेल तर ही मांडणी खोलीत मावत नाही, आणि कडेच्या मुलांना फळ्याकडे मान वळवून बसावं लागतं. तरीही एका सिनेमामुळे वर्गातलं सामान हललं, हे मला फार मोलाचं वाटतं.

पण या उद्योगाला स्वतःच्या घरात डोकावणं जड गेलं आहे. मूकपटाच्या काळात पी. के. रोझी या दलित स्त्रीनं नायर या सवर्ण जातीतल्या स्त्रीची भूमिका केली, म्हणून तिच्यावर हल्ले झाले, तिला गाव सोडावं लागलं. १९५४मध्ये 'नीलक्कुयिल' या सिनेमानं अस्पृश्यतेवर बोट ठेवलं, तेव्हा त्यातल्या दलित नीलीची भूमिका मात्र दलित अभिनेत्रीकडे नव्हती. अलीकडचं बघा: चित्रपटसृष्टीतल्या स्त्रियांच्या स्थितीवरचा हेमा समितीचा अहवाल डिसेंबर २०१९मध्ये सरकारकडे गेला आणि लोकांसमोर आला ऑगस्ट २०२४मध्ये, तोही काही भाग वगळून.

आता पाहायचं कसं? हिंदी डब टाळा. मलप्पुरम, त्रिशूर, कासरगोड, केरळातल्या या प्रत्येक जिल्ह्याची बोली वेगळी. माणूस कुठला, कुठल्या थरातला, हे केरळच्या प्रेक्षकाला पहिल्या दोन वाक्यांत कळतं. डबिंगमध्ये सगळे एकाच साच्यातली हिंदी बोलतात आणि निम्मी गोष्ट तिथंच हरवते. मूळ आवाज ठेवा, सबटायटल लावा. सुरुवात 'सुडानी फ्रॉम नायजेरिया'नं करा: मलप्पुरम, तिथला सात-सात खेळाडूंचा फुटबॉल, आफ्रिकेतून आलेला खेळाडू आणि त्याची काळजी घेणाऱ्या दोन म्हाताऱ्या बायका.