नखं, ओठ आणि श्वास

श्रोतेहो, नमस्कार.

फुफ्फुसाचा जुनाट आजार बाहेरून दिसतो, पण बहुतेक वेळा उशिरा. म्हणून कुठे बघायचं हे ठाऊक हवं.

सुरुवात श्वास मोजण्यापासून. माणूस निवांत बसलेला असताना, त्याला न सांगता मोजा. सांगितलं की श्वासाची लय बदलते. पूर्ण एक मिनिट मोजा. पंधरा सेकंद मोजून चारने गुणलं, तर एका श्वासाची चूक चारांची होते. प्रौढ माणसात 12 ते 20 ठीक.

सीओपीडीत, म्हणजे श्वासनलिका कायमच्या अरुंद होणाऱ्या फुफ्फुसाच्या जुनाट आजारात, श्वास सोडणं जास्त जड जातं. बारीक श्वासनलिका उच्छ्वासाच्या वेळी मिटतात आणि हवा आत अडकते. मग रुग्ण नकळत शीळ घातल्यासारखे ओठ करून फुंकतो. त्यामुळे नलिकांत थोडा दाब राहतो आणि त्या लवकर मिटत नाहीत. गुडघ्यांवर हात टेकून पुढे वाकून बसणंही त्यातलंच. खांदे स्थिर झाले, की मानेचे स्नायू फासळ्या वर ओढू शकतात.

आता नखं. दोन्ही तर्जन्यांची नखं समोरासमोर टेकवा. मुळाशी छोटी चौकोनी फट दिसायला हवी. हृदयरोगतज्ज्ञ लिओ शॅमरॉथ यांनी 1976 मध्ये ही खूण स्वतःच्याच बोटांवरून मांडली. फट बुजली असेल, नखाचं मूळ दाबल्यावर मऊ लागत असेल, तर बोटांची टोकं फुगू लागली आहेत. इथे एक गैरसमज फार पसरलेला आहे, की असं फुगणं ही सीओपीडीची खूण आहे. तसं नाही; एकट्या सीओपीडीमुळे बोटं अशी फुगत नाहीत. ब्राँकिएक्टेसिस (श्वासनलिका कायमच्या रुंदावणं), फुफ्फुसाचा फायब्रोसिस (फुफ्फुस घट्ट, व्रणासारखं होणं), फुफ्फुसाचा कर्करोग यांत ते दिसतं. काही हृदयविकारांत आणि यकृताच्या आजारांतही, आणि क्वचित नुसतं आनुवंशिक असतं. सीओपीडीच्या जुन्या रुग्णाची नखं नव्याने वळू लागली, तर ‘दम्यामुळे असेल’ म्हणून सोडू नका; छातीची तपासणी करून घ्या.

ऑक्सिजन घटल्याने येणारा निळेपणा जिभेवर बघा. बोटं थंडीनेही निळी पडतात, जीभ सहसा नाही. रक्त कमी असेल तर ऑक्सिजन घटूनही निळेपणा दिसत नाही. ऑक्सिमीटर लावायचा तर नेलपॉलिश काढा, हात गरम करा.

सीओपीडीचं पक्कं निदान स्पायरोमेट्रीनेच, म्हणजे नळीत जोरात फुंकून श्वास मोजण्याच्या चाचणीनेच होतं. पण एका दमात वाक्य पुरं होत नसेल, ओठ-जीभ निळी पडली असेल किंवा रुग्ण गुंगीत, गोंधळलेला वाटत असेल, तर तपासणीची तारीख घेत बसू नका. थेट रुग्णालय गाठा.